बरणीतला खिळा

माझ्या थोरल्याला हल्ली एक नवीन खोड लागली आहे. मेलेल्या माणसाबद्दल वाईट बोलायचं असलं की तो आधी 'बिचारा' म्हणतो. बिचारा घाईत असायचा. बिचाऱ्याला सांगितलेलं लक्षात राहायचं नाही. बिचाऱ्याचा हात चांगला होता, पण... एवढं बोलून मान हलवतो, हातातल्या कपात बघतो आणि गप्प बसतो. पुढचं समोरच्याने आपल्या मनात भरून घ्यावं अशी सोय. समोरचा घेतोच भरून. लोकांना अर्धं वाक्य दिलं की ते त्यावर माडी चढवतात.

मेलेला माणूस म्हणजे माझा जावई. धाकटीचा नवरा, आणि आमच्या कारखान्यातला मुख्य सुतार. समुद्राकाठी एका निवृत्त शिक्षिकेच्या घराला आम्ही वरच्या मजल्यावर लाकडी गॅलरी करून दिली होती. त्याला तिसरं वर्ष लागलं. गेल्या आठवड्यात त्या बाईंचा फोन आला, की कपडे वाळत घालताना गॅलरी पायाखाली हलते. जावई लगेच गेला. बाई आत त्याच्यासाठी चहा ठेवत होत्या. गॅलरी भिंतीपासून सुटली आणि त्याच्यासकट खाली फरशीवर आली. बाई सांगत होत्या, आवाज फार मोठा नव्हता, कपाट सरकवल्यासारखा झाला. चहा उतू गेला तेव्हा त्या बाहेर आल्या.

आता सरकारी तपासणीवाला साहेब यायचा होता. गॅलरी का पडली आणि कोणामुळे पडली हे तो ठरवणार होता. थोरल्याने ते आधीच ठरवून टाकलं होतं. आम्ही कारखान्यातून चांगले खिळे दिले, बिचाऱ्याने जागेवर भलतेच मारले. भेटायला येणाऱ्या प्रत्येकाला तो हे सांगत होता, आणि सांगताना माझ्या धाकटीच्या डोक्यावरून हात फिरवत होता. ती भिंतीला टेकून बसलेली असायची. आपल्याच हाताने मेला, नशीब त्या बाईंना बरोबर घेऊन गेला नाही, असं बायका जिन्यात बोलायच्या. जिना आमचाच, लाकडी. त्यातून सगळं ऐकू येतं.

खिळ्याचं मला कळतं. शाळा मी फार पाहिली नाही, पण आमच्या ह्यांनी कारखाना काढला तेव्हा खोके उघडून खिळे निवडायला मीच बसायचे. तेव्हा सगळं हातोडीवर चालायचं. मग हवेवर चालणारी खिळ्यांची बंदूक आली. हातोडीला जो द्याल तो खिळा चालतो. बंदूक लाडावलेल्या जावयासारखी, तिला ठरलेलंच लागतं. खिळे सुटे नसतात, पट्टीत तिरके ओवलेले असतात. कुठल्या बंदुकीची पट्टी जास्त तिरकी, कुठलीची कमी. एकीची दुसरीत जात नाही. जास्त तिरक्या पट्टीत खिळे दाटीने बसावेत म्हणून त्यांची डोकी एका बाजूने कापलेली असतात, अर्ध्या चंद्रासारखी. कमी तिरक्या पट्टीत अख्खी गोल डोकी मावतात.

पण बंदुकीत बसला म्हणजे खिळा बरोबर, असं समजणारा सुतार आमच्या ह्यांनी एक दिवस ठेवला नसता. खिळा लाकडाला बसायला हवा. उघड्यावरच्या कामाला औषध पाजलेलं लाकूड लागतं, म्हणजे वाळवी लागत नाही, कुजत नाही. ते औषध साध्या लोखंडाला खातं. वर समुद्राची हवा असली तर विचारूच नका. अशा जागी जस्तात बुडवून काढलेला खिळाच हवा. तो दिसायला मळकट, खरखरीत, कोणाला आवडणार नाही असा. साधा खिळा चकचकीत, नवरदेवासारखा. तो घरातल्या भिंतीच्या सांगाड्यात आयुष्य काढेल. बाहेर त्याची मान गळते, आणि डोकं मात्र वर तसंच दिसत राहतं.

म्हणून आमच्याकडे बरण्या आहेत. स्वयंपाकघराच्या खिडकीत ओळीने. उघड्यावरचं काम घेतलं की त्याच लाकडाचा एक ठोकळा घ्यायचा, ज्याने खिळे आणले त्याने त्यातला एक खिळा आपल्या हाताने ठोकळ्यात मारायचा, आणि ठोकळा मिठाच्या पाण्यात टाकून बरणी माझ्याकडे आणून द्यायची. मी बघते. तांबूस पाणी सुटलं तर खिळे परत. नाही सुटलं तर मी 'चालेल' म्हणते, आणि मगच काम सुरू होतं. त्यानंतरही बरणी तिथेच राहते, पाणी आटलं की मी भर घालते. कुठली बरणी कुठल्या घराची हे कळायला गळ्याला चिंधी बांधते. पोरं लहानपणी याला आईचं लोणचं म्हणायची. थोरला अजून म्हणतो. त्यात पूर्वी लाडीगोडी होती, आता नाही.

आणि एक गोष्ट. माझी बरणी दुसरं कोणी उघडत नाही. मना केलंय असं नाही. पण मी चालेल म्हटल्यावर पुन्हा जाऊन बघणं म्हणजे माझ्या डोळ्यांवर शंका घेणं, असं कारखान्यातल्या सगळ्यांना वाटतं. मला ते आवडायचं, खोटं कशाला बोलू.

साहेब यायच्या आदल्या दिवशी, दुपारची जेवणं उरकल्यावर, थोरला स्वयंपाकघरात आला. उभ्याउभ्याच म्हणाला, "आई, त्या शिक्षिकेच्या घराची बरणी पुसून ठेव. उद्या साहेबाला दाखवायची."

"लोणच्याला गिऱ्हाईक मिळालं वाटतं."

"थट्टा नको. तीच आपल्याला वाचवणार आहे. आपण तपासून दिलेला खिळा अजून धडधाकट आहे हे त्याला दिसलं, की कारखान्याकडे बोट दाखवायला जागा उरत नाही."

"आणि बोट कुणाकडे जाईल?"

"आई, जो गेला त्याला आता काय फरक पडतो? बिचारा सुटला. इथे एवढ्या माणसांची पोटं आहेत."

"तुझ्या बहिणीला फरक पडेल."

"तिला मी सांभाळीन की."

असं म्हणून तो निघाला. जाताना सवयीने वाकून चपला सरळ केल्या. लहानपणापासून नीटनेटका. मी त्याचं कौतुक करत आले त्या नीटनेटकेपणाचं.

धाकटी दाराआड उभी होती. आत आली आणि पाण्याचा पेला भरून तसाच हातात धरून राहिली. आठवडाभर माझ्याशी धड बोलली नव्हती. मला वाटलं होतं, दुःखाने असेल.

"आई, एक विचारू? रागावशील."

"मी रागावले नाही तर तुला करमेल का? विचार."

"तू नीट बघितले होतेस ना ते खिळे?"

माझ्या हातातलं फडकं तिथेच थांबलं. या घरात हा प्रश्न मला कोणी विचारला नव्हता.

"कोण म्हणतं नव्हते बघितले?"

"कोणी नाही. पण त्या कामाच्या वेळी हे घरी येऊन म्हणाले होते, खिळे जरा जास्तच चकचकीत वाटतात. मी म्हटलं, मग विचारा दादाला. तर म्हणाले, विचारलं. दादा म्हणाला, बरणी खिडकीत आहे, आईने चालेल म्हटलंय, तुम्हाला आईपेक्षा जास्त कळतं का?" तिने पेला खाली ठेवला. "मग म्हणाले, आईंनी बघितलेत म्हटल्यावर माझं काय काम. आणि जेवायला बसले."

"एवढं तू आठवडाभर पोटात ठेवलंस?"

"कोणाला सांगू? दादाला सांगितलं तर तो म्हणेल आईवर ढकलतेस. तुला सांगितलं तर..." ती थांबली. "एकतर हे खोटं बोलले, नाहीतर तुझी नजर चुकली. मला दोन्ही नको होतं."

मग तिने खोलीतून एक पिशवी आणली. इस्पितळातून त्याचे कपडे दिले होते, ते तिने उघडले नव्हते. माझ्यासमोर उघडले. शर्ट मी आधी बाजूला घेतला, तिने बघू नये म्हणून, तर खिशात काहीतरी खुळखुळलं.

खिळे होते. गॅलरी पडायच्या आधी त्याने ते उपटून खिशात टाकले असणार. भिंतीलगतच्या तुळईतले असावेत. डोकी जवळजवळ नवी. खाली मानेपाशी तांबडा भुगा, आणि मध्ये सुईएवढं लोखंड उरलेलं. एक मी बोटात धरून जरा दाबला, तर बिस्किटासारखा मोडला.

म्हणजे पडण्याआधी त्याला कळलं होतं. तो ते मला दाखवायला आणणार होता. दुसऱ्या कोणाकडे आणणार?

मोडलेला तुकडा धाकटीने उचलून पुन्हा खिशात ठेवला, आणि खिशाचं बटण लावलं.

मी खिडकीतली बरणी काढली. निळी चिंधी, समुद्राकाठचं घर. ठोकळा बाहेर काढून उजेडात धरला. खिळ्याच्या कडेला पांढरी पूड जमली होती, जस्ताला जमते तशी. तांबूस काही नाही. मी तेव्हा जे बघितलं होतं तेच आताही होतं, माझी नजर चुकली नव्हती. क्षणभर मला बरं वाटलं. आपलं कोणी मेलं तरी माणसाला आपण बरोबर असल्याचं बरं वाटतं.

मग मी खिशातला एक खिळा ठोकळ्याशेजारी ठेवला.

खिशातल्याचं डोकं अख्खं गोल. ठोकळ्यातल्याचं अर्ध्या चंद्रासारखं कापलेलं.

"काय झालं?" धाकटी म्हणाली.

"नवी बंदूक कधी आली गं कारखान्यात?"

"त्याच कामाच्या आधी. जुनीची हवा गळायची ना. दिवसभराचं काम तिच्याने होत नव्हतं, एखाददुसरा खिळा कसाबसा मारायची. दादानेच आणली नवी."

मला ती बंदूक आलेली कळली तेव्हा तिच्या मुठीवरचा रंग उडायला लागला होता. कारखान्यात माझी फेरी कमी झाली होती, गुडघ्यांमुळे. मला खिळा दाखवत होते, बंदूक नाही. आणि मी खिळ्यावर गंज शोधत होते. डोकं कुठल्या बंदुकीचं हे कशाला बघू? जुनीच आहे हे धरून चालले होते.

"चल," मी म्हटलं.

"कुठे?"

"कारखान्यात. मला हात दे. आणि शर्ट घे."

कारखान्यात दुपारची सामसूम होती. साहेब येणार म्हणून थोरल्याने माणसांना सुट्टी दिली होती आणि स्वतः झाडून काढत होता. मला बघून त्याने खुर्ची पुढे केली, फुंकर मारून तिच्यावरचा भुसाही उडवला.

"एवढं चालत कशाला आलीस? बरणी मी आलो असतो न्यायला."

"नवी बंदूक आण. आणि जुनीच्या पट्ट्या उरल्या असतील त्यातली एक."

"कशाला?"

"म्हातारीला हौस आली म्हण."

त्याने आणलं. मी पट्टी त्याच्या हातात दिली. "घाल."

"आई, ही यात बसत नाही."

"का बरं?"

"तिरकी जास्त आहे. तुला माहीत आहे."

"मला माहीत आहे. तुलाही माहीत आहे हे हिला ऐकू दे." मी ठोकळा त्याच्यासमोर बाकावर ठेवला. "मग हा खिळा कुठल्या बंदुकीतला?"

त्याने ठोकळ्याकडे बघितलं. झाडू अजून हातात होता. "जुनीतला असेल. जुनीही नेली होती तिकडे."

धाकटीने शर्टाचं बटण सोडलं आणि खिशातलं सगळं बाकावर ओतलं. गोल डोकी, सगळी गोल.

"हे ह्यांनी तिथून उपटले," ती म्हणाली. "मरायच्या आधी."

"तेच मी म्हणतोय," थोरला म्हणाला. "त्याने कुठूनतरी भलतेच आणले आणि..."

"आणले असतील," मी म्हटलं. "तसंच धरू. पण त्या कामाचे खिळे तू आणलेस म्हणून बरणीही तूच मला आणून दिलीस. 'घे तुझं लोणचं' म्हणालास. काम नव्या बंदुकीने होणार होतं, जुनी गळत होती. मग गळक्या बंदुकीने एकच खिळा मारून ती बरणी कशाला भरलीस?"

तो बोलला नाही. थोरल्याचं गप्प बसणं मला पाठ आहे. खोटं सापडत नाही तेव्हाचं वेगळं असतं, आणि शोधायचं थांबवतो तेव्हाचं वेगळं. तो बाकाला टेकला.

"जस्ताचे त्या पट्टीत मिळत नव्हते," तो म्हणाला. "दुकानदार म्हणाला, थांबावं लागेल. साधे लगेच मिळत होते. घर तारखेला द्यायचं होतं. तुला सांगितलं असतं तर तू नाही म्हणाली असतीस."

"म्हटलंच असतं."

"म्हणून बरणीसाठी जुन्या पट्टीतला जस्ताचा एक मारला. मला वाटलं, वरून रंग जाड दिला की निभावेल. दहा वर्षं तरी."

"ह्यांनी तुला विचारलं होतं," धाकटी म्हणाली. आवाज चढवला नाही तिने. "तू म्हणालास आईने बघितलेत."

"तेव्हा मला काय माहीत होतं की..."

"आणि मी सगळ्यांना सांगत बसले, हे घाई करायचे म्हणून. तू सांगत होतास तेच. माझ्या तोंडाने मी सांगितलं, दादा."

थोरल्याने तिच्याकडे बघणं टाळलं आणि माझ्याकडे वळला. आता तो भराभर बोलायला लागला. साहेबाला हे कळलं तर कारखान्याला कुलूप लागेल. बाबांच्या नावाची पाटी उतरेल. तो आत जाईल, त्याची बायको-मुलं आहेत. तू चाळीस वर्षं उभं केलेलं तूच पाडणार का? जो गेला तो काही परत येत नाही. बिचाऱ्याचं नाव...

"थांब," मी म्हटलं. "ते साधे खिळे एका घरात संपले?"

तो पुन्हा गप्प झाला. हे गप्प बसणं तिसरंच होतं, मी पूर्वी कधी पाहिलेलं नव्हतं.

"अरे, खोकं एका घरात संपतं का? मी खिळे निवडत म्हातारी झालेय. उरलेले कुठे मारलेस?"

"डॉक्टरांच्या घराचा मागचा जिना," तो म्हणाला. "आणि टेकडीवरची ती लांब गॅलरी. पाळणाघराची."

धाकटी खाली बसली, तिथेच, भुशात.

पाळणाघराची बरणी माझ्या खिडकीत आहे. पिवळी चिंधी. तीही चालेल म्हणून मीच ठेवलेली. तिच्यातल्या खिळ्याचं डोकं कसं असेल ते मला घरी जाऊन बघायची गरज नव्हती. त्या गॅलरीत दुपारी पोरांना ओळीने झोपवतात, वारा चांगला येतो म्हणून. जावयाने खालून आधाराला एक खांब जास्त दिला होता, कोणी सांगितलं नव्हतं तरी. त्यावर ती उभी असेल.

आणि उद्या साहेबाने लिहून नेलं असतं की सुताराने एका ठिकाणी घाई केली. एका ठिकाणी. मग टेकडीवर बघायला कोण कशाला गेलं असतं?

"तुला हे आठवडाभर माहीत होतं," मी म्हटलं. "ती गॅलरी पडली तेव्हापासून."

"मी जाणार होतो. गुपचूप बदलून टाकणार होतो, हे सगळं निवलं की."

"निवलं की," मी म्हटलं.

बाहेर रस्त्यावरून कोणीतरी सायकलची घंटी वाजवत गेलं. थोरला रडत होता. मोठ्या माणसासारखा नाही, शाळेतून मार खाऊन यायचा तसा, नाक ओढत. माझा हात उठला होता त्याच्याकडे, हेही सांगते. मी तो बाकावर ठेवला, मोडक्या खिळ्यांशेजारी. भिंतीवर ह्यांचा फोटो आहे, हातोडी धरलेला. त्यांनी काय केलं असतं हे मी नाही विचारलं. त्यांनी मला विचारलं असतं.

धाकटी माझ्याकडे बघत होती. तिला माझ्याकडून काय हवं होतं ते तिने मागितलं नाही. मला त्याचाच राग आला, की आपल्या आईकडून ते मागावं लागेल असं तिला वाटत होतं.

टेबलावरचा फोन मी ओढून त्याच्यापुढे सरकवला.

"आधी पाळणाघराला लाव. पोरं आत घ्या म्हण, आत्ताच्या आत्ता, आणि गॅलरीचं दार बंद करा म्हण. मग डॉक्टरांना. कारण विचारलं तर खरं सांग. उद्या साहेब आला की सगळ्या बरण्या तू स्वतःच्या हातांनी त्याच्यापुढे मांडायच्यास, आणि कुठला खिळा कुठल्या बंदुकीचा हे तू सांगायचंस. पाटी उतरवायची असेल तर मी स्टूल धरीन. तू आत गेलास तर तुझ्या बायको-मुलांना मी जेवू घालीन, तुला भेटायलाही येईन, आई आहे. पण या कारखान्यात तू पुन्हा पाय ठेवायचा नाहीस, आणि माझ्या जावयाला पुन्हा कधी बिचारा म्हणायचं नाहीस. गॅलरीसाठी तू खोटा खिळा निवडलास, ती चूक होती असं मी जगाशी भांडले असते. पण माझ्या बरणीसाठी तू अगदी बरोबर खिळा निवडलास. म्हणजे तुला सगळं कळत होतं. उचल फोन."